पेटी आपली, किल्ली कुणाची?

माझी धाकटी बहीण लग्न होऊन इंग्लंडला गेली, ती बर्मिंगहॅमलाच राहिली. दोन वर्षांपूर्वी तिच्याकडे महिनाभर मुक्काम होता. तिच्या दिवाणखान्यात टीव्हीखाली एक पांढरी, जाडशा पुस्तकाएवढी पेटी उभी असते. घरातला टीव्ही तीनदा बदलला, सोफा बदलला, ही पेटी मात्र जागची हलली नाही. एका शनिवारी भाचा ती फडक्यानं पुसत बसला होता. पुसता पुसता म्हणाला, "मामू, ही बंद पडली की अब्बांची ईदी गेली."

मला काही कळेना. ईदी म्हणजे ईदच्या दिवशी वडीलधाऱ्यांनी मुलांच्या हातावर ठेवलेले पैसे. ते संध्याकाळपर्यंत खर्चून संपतात, हा आमचा लहानपणचा अनुभव. ते पंधरा-सोळा वर्षं पेटीत कसे राहतील? मग त्यानं जे सांगितलं, ते तुम्हालाही सांगावंसं वाटतं. कारण गोष्ट खेळाच्या यंत्राची असली, तरी तुमच्या-माझ्या खिशातल्या फोनलाही ती लागू आहे.

ही पेटी म्हणजे निन्टेन्डो या जपानी कंपनीचं 'वी' नावाचं व्हिडिओ गेमचं यंत्र. २००६ च्या नोव्हेंबरात ते बाजारात आलं आणि जगभरात दहा कोटींहून अधिक खपलं. हातातला रिमोट बॅटसारखा फिरवला की पडद्यावर टेनिसचा चेंडू टोलवला जायचा. त्यामुळे आजी-आजोबाही खेळायला उभे राहायचे. या यंत्राचे गेम दोन तऱ्हेनं मिळत. एक, तबकडीवर, ही दुकानातून आणायची. दुसरे, इंटरनेटवरून थेट यंत्रात उतरवून घ्यायचे. त्यासाठी यंत्रातच एक दुकान होतं. तिथं पैशांऐवजी 'पॉइंट' चालत. साधारणपणे १९८० च्या दशकातला जुना गेम ५०० पॉइंटांना, त्यानंतरच्या पिढीतला ८०० ला आणि नव्वदीच्या उत्तरार्धातला १००० पॉइंटांना. पॉइंटांची कार्डं बाजारात मिळत. माझे मेहुणे दर ईदला मुलांच्या हातावर नोटांऐवजी असं एक कार्ड ठेवत. मग सगळ्यांनी मिळून एक गेम निवडायचा. १९९० सालचा 'सुपर मारिओ वर्ल्ड' असाच एका ईदला घरात आला, १९९८ सालचा 'झेल्डा' दुसऱ्या. २०१३ मध्ये मेहुणे गेले. राहिली ती ही ईदी, पांढऱ्या पेटीत.

आता ही ईदी पेटीत नेमकी कुठं राहते, ते पाहू. 'वी'च्या पोटात ५१२ मेगाबाइटची मेमरी आहे. आजच्या साध्या फोनच्या मानानं ती अगदीच चिमुकली. ही मेमरी म्हणजे विजेचा भार धरून ठेवणारे अब्जावधी बारीक कप्पे. वापरानं ते झिजतात, वयानंही त्यांची धरून ठेवण्याची ताकद कमी होते. आज ना उद्या काही कप्पे रिते होणारच. तबकडीवरचा गेम दुसऱ्या यंत्रात घालून खेळता येतो. पण उतरवून घेतलेल्या गेमचं घर म्हणजे हीच मेमरी.

तुम्ही म्हणाल, मग दुसरीकडे उतरवून ठेवावं. कंपनीनं तशी सोय दिली होती. यंत्राच्या पुढच्या बाजूला एक छोटं झाकण आहे, त्यात कॅमेऱ्याचं एसडी कार्ड बसतं. मेनूत 'डेटा मॅनेजमेंट'मध्ये जायचं, गेम निवडायचा, 'कॉपी' म्हणायचं, झाली प्रत. सुरुवातीला दोन गिगाबाइटपर्यंतचीच कार्डं चालत, २००९ नंतर मोठीही चालू लागली. भाच्यानं अशा प्रती केव्हाच करून ठेवल्या होत्या. मग काळजी कसली?

काळजी अशी, की ती प्रत कुलूपबंद असते. प्रत्येक यंत्रात कारखान्यातच एक गुप्त किल्ली घातलेली असते. म्हणजे अंकांची एक लांबलचक माळ. दोन यंत्रांची किल्ली सारखी नसते. कार्डावर प्रत जाताना ती या किल्लीनं बंद होते आणि त्याच किल्लीनं उघडते. शेजारच्या घरातल्या 'वी'मध्ये ते कार्ड घातलं तर काही उपयोग नाही. आमच्या कोकणातल्या जुन्या घरांतून लोखंडी पेट्या असत. समजा, अशी पेटी तुम्ही सुरक्षित जागी हलवली, पण तिची किल्ली मूळ घराच्या भिंतीतच चिणलेली आहे. घर उभं आहे तोवर ठीक. घर पडलं की पेटी शाबूत असून नसल्यासारखी. ही प्रत चुकून पुसलेला गेम परत आणायला उपयोगी पडते, मेमरीत जागा करायला उपयोगी पडते. पण यंत्रच मेलं तर नाही. शिवाय खेळाडूनं कुठवर मजल मारली याची जी नोंद असते, ती काही गेमांच्या बाबतीत कार्डावर घेऊच देत नाहीत. 'मारिओ कार्ट'ची नोंद तशीच अडकलेली आहे.

मग पुन्हा दुकानातून उतरवून घ्यावं? तर दुकानच बंद झालं. २०१८ च्या २६ मार्चला पॉइंट भरणं थांबलं आणि ३० जानेवारी २०१९ ला विक्री संपली. आधी घेतलेले गेम पुन्हा उतरवण्याची खिडकी कंपनीनं त्यानंतरही उघडी ठेवली, पण तीही पुढे कधीतरी बंद होईल हे तेव्हाच सांगून टाकलं. २०२२ मध्ये ती खिडकी काही महिने उघडेनाशी झाली, तेव्हा भाच्याच्या पोटात गोळा आला होता. ही एकाच कंपनीची गोष्ट नाही. निन्टेन्डोच्याच 'वी यू' आणि 'थ्रीडीएस' या यंत्रांची दुकानं २७ मार्च २०२३ ला मिटली. मायक्रोसॉफ्टच्या 'एक्सबॉक्स ३६०'चं दुकान २९ जुलै २०२४ ला. सोनीनं २०२१ मध्ये 'प्लेस्टेशन ३'चं दुकान बंद करण्याची घोषणा केली होती, पण लोकांनी एवढी ओरड केली की महिन्याभरात निर्णय फिरवावा लागला. कंपन्यांचंही एक म्हणणं असतं. सर्व्हर चालवायला पैसा लागतो, जुन्या यंत्रावर पैशांचे व्यवहार सुरक्षित ठेवणं अवघड होत जातं. ते खरंही असेल. पण दुकानदारानं दुकान बंद केलं म्हणून आपण नेलेलं सामान कोणी परत मागत नाही. इथं सामान आणि दुकान यांची नाळच तुटलेली नसते, ही खरी अडचण.

कधी कधी तर दुकान चालू असतं आणि वस्तू नाहीशी होते. २०१४ च्या ऑगस्टमध्ये कोनामी कंपनीनं 'पी.टी.' नावाचा एक छोटा भयगेम फुकट दिला. पुढचा मोठा गेमच रद्द झाला, आणि २०१५ च्या एप्रिलअखेर हाही दुकानातून काढून घेतला. ज्यांच्या यंत्रात तो होता, त्यांच्याकडेच तो राहिला. २०१० मध्ये आलेला 'स्कॉट पिलग्रिम' हा गेम २०१४ च्या शेवटी गायब झाला आणि सहा वर्षांनी, २०२१ मध्ये परतला. सगळेच असे परतत नाहीत.

इथं रेडिओशी नातं असलेली एक हकीकत सांगतो. १९९५ ते २००० या काळात जपानमध्ये निन्टेन्डोचे गेम चक्क उपग्रहावरून प्रक्षेपित होत असत. 'सॅटेलाव्ह्यू' नावाचं एक जोडयंत्र होतं आणि 'सेंट गिगा' ही उपग्रह-रेडिओ कंपनी. ठरलेल्या वेळी यंत्र लावून बसायचं, हवेतून गेम येणार आणि एका मेगाबाइटच्या पुडक्यात साठणार. पुढचा गेम आला की आधीचा पुसायचा. काही गेमांच्या वेळी नटांचे आवाज थेट प्रसारणातून यायचे. ते पुडक्यात साठतच नसत. प्रसारण संपलं, आवाज विरले. आज हौशी लोक जुन्या बाजारातून ती पुडकी विकत घेतात आणि कोणाच्या पुडक्यात शेवटचा कुठला गेम पुसायचा राहून गेला, ते शोधतात. आवाज उरले ते कुणी टीव्हीवरून टेप करून ठेवले होते तेवढेच. आकाशवाणीवर कविता वाचून घरी परतल्यावर, ती ध्वनिमुद्रित झाली होती की नुसतीच हवेत गेली, असा प्रश्न ज्याला पडलेला आहे, त्याला हे दुःख वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

तर भाच्यानं काय केलं? आधी त्यानं सरळ मार्ग संपवले. खिडकी उघडी होती तेव्हा सगळे गेम पुन्हा उतरवले, कार्डावर प्रती घेतल्या. मग उरला एकच उपाय: यंत्राच्या संपूर्ण मेमरीची जशीच्या तशी प्रत, आणि सोबत भिंतीत चिणलेली ती किल्लीही. स्वतंत्र हौशी तंत्रज्ञांनी यासाठी प्रोग्राम लिहिलेले आहेत. कंपनीची त्याला संमती नाही, आणि हात चुकला तर यंत्र कायमचं मुकं होण्याची भीती. म्हणून तो वर्षभर घुटमळत होता.

कायद्याचंही पाहायला हवं. आपल्याकडच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं ५२ वं कलम सांगतं, की संगणकीय प्रोग्राम ज्याच्या रीतसर ताब्यात आहे, त्याला तो नष्ट होऊ नये एवढ्यापुरती राखीव प्रत करता येते. पण २०१२ च्या दुरुस्तीनं ६५-अ हे कलम आलं. दुसऱ्याचा हक्क बुडवण्याच्या हेतूनं असं तांत्रिक कुलूप तोडलं, तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. म्हणजे सारं वजन हेतूवर. स्वतःची वस्तू वाचवणं वेगळं, आणि तीच प्रत दहा जणांना वाटणं वेगळं. मी स्वतः लिहिणारा माणूस आहे. माझं पुस्तक कोणी छापून फुकट वाटलं तर मला ते आवडणार नाही. पण वाचकानं विकत घेतलेली प्रत वाळवी लागू नये म्हणून कपाटात नीट ठेवली, तर त्यात माझं काय गेलं? भाचा राहतो तिथला कायदा त्यानं आधी वाचून घेतला, एवढं सांगतो.

मुळात आपण विकत काय घेतो, हाच प्रश्न आहे. पडद्यावर 'खरेदी करा' असं बटण असतं, पण करारात लिहिलेलं असतं की तुम्हाला फक्त वापराचा परवाना मिळाला. म्हणूनच अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्यानं कायदा केला, की १ जानेवारी २०२५ पासून विक्रेत्यानं ही गोष्ट ग्राहकाला स्पष्ट सांगितली पाहिजे. सांगितल्यानं वस्तू वाचत नाही, पण निदान डोळे उघडतात.

हे काम खरं म्हणजे ग्रंथालयांचं. जपानच्या राष्ट्रीय ग्रंथालयानं २००० सालापासून पुस्तकांसारखे पॅकबंद गेमही जमा करून घ्यायला सुरुवात केली. अमेरिकेत व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशननं २०२३ मध्ये पाहणी केली, तेव्हा २०१० पूर्वीच्या गेमांपैकी ८७ टक्के बाजारात कुठेच मिळत नाहीत असं दिसलं. त्या आधारे ग्रंथालयांनी असे गेम अभ्यासकांना दुरून दाखवण्याची परवानगी मागितली. ऑक्टोबर २०२४ मध्ये ती नाकारली गेली. 'हे तर पोरांचे खेळ,' असं वाटत असेल, तर एक आठवण करून देतो. १४ मार्च १९३१ ला गिरगावच्या मॅजेस्टिक थिएटरात 'आलम आरा' लागला. आपला पहिला बोलपट. आज त्याची एकही प्रत उपलब्ध नाही. करमणूकच ती, असं म्हणूनच ती कुणी जपली नसावी.

त्या शनिवारी आम्ही दोघं बसलो. त्यानं कार्ड घातलं, मी चहा केला. यंत्र आपली मेमरी हळूहळू कार्डावर उतरवत होतं आणि आम्ही टक्के मोजत होतो. मग ते कार्ड त्यानं लॅपटॉपला लावलं. 'वी'ची नक्कल करणारा एक प्रोग्राम असतो, त्यात ती प्रत उघडली. मारिओ उडी मारू लागला. मला वाटलं, संपलं काम. पण त्यानं आणखी एक कप्पा उघडला.

'वी'मध्ये घरच्या माणसांसाठी निरोपांचा एक फलक असतो. दर तारखेला कोण काय किती वेळ खेळलं, याची यंत्र आपोआप नोंद ठेवतं, आणि माणसांनाही तिथं चिठ्ठी लिहिता येते. भाचा तारखा मागे मागे नेत गेला. २०१० सालच्या एका पानावर मेहुण्यांची चिठ्ठी होती. इंग्रजी अक्षरांत, पण आमच्या कोकणी बोलीत: आधी जेवा, मग खेळा, आईला छळू नका. मागून बहीण येऊन उभी राहिली होती. तिनं ती वाचली आणि काही न बोलता स्वयंपाकघरात गेली.

आमच्यात एक शब्द आहे, अमानत. कुणी विश्वासानं आपल्याकडे ठेवलेली वस्तू. ती आहे तशी राखायची असते. तेव्हा एवढंच करा. आज घरी फोनमधले फोटो, आवाज, निरोप यांची प्रत असेल, तर ती दुसऱ्याच यंत्रावर उघडून पाहा. मूळ वस्तू नसताना जी उघडते, तीच खरी प्रत. बाकीच्या नुसत्या कुलूपबंद पेट्या.

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)