मीटर खोटं बोलतोय की इंजिन खरंच थंड आहे? : कूलंट सेन्सरच्या निमित्ताने निदानाची पद्धत

पीएचडीच्या मुलाखतीत एक प्रश्न हमखास येतो : "तुमचं उपकरण बरोबर दाखवतंय हे तुम्हाला कसं कळलं?" बरेच जण "सर, कॅलिब्रेशन केलं होतं" एवढं म्हणून थांबतात. पुढचा प्रश्न तिथूनच सुरू होतो. कॅलिब्रेशन कोणत्या तापमानाला केलं? कशाशी तुलना केली? वायर बदलल्यावर परत केलं का?

या प्रश्नाचा सराव करायला लॅबच पाहिजे असं नाही. गाडीच्या बोनेटखाली तीनचारशे रुपयांपासून मिळणारा एक छोटा पार्ट असतो : इंजिन कूलंट टेंपरेचर सेन्सर. तो बिघडलाय का हे ठरवणं आणि बिघडला असेल तर बदलणं, यात संशोधनातले जवळपास सगळे मूळ मुद्दे येतात. म्हणून आज तोच विषय घेऊ.

हा सेन्सर करतो काय?

इंजिनभोवती फिरणाऱ्या कूलंटचं तापमान तो ईसीयूला, म्हणजे गाडीच्या कॉम्प्युटरला, सांगतो. बहुतेक गाड्यांत तो सिलिंडर हेडवर किंवा थर्मोस्टॅटच्या घराजवळ बसवलेला असतो. इंजिन थंड असताना पेट्रोलची नीट वाफ होत नाही, म्हणून ईसीयू जास्त पेट्रोल सोडतो. इंजिन तापलं की ते कमी करतो. आयडलिंग, इग्निशनचं टायमिंग, रेडिएटरचा पंखा कधी लावायचा, हेसुद्धा याच आकड्यावर ठरतं.

म्हणजे सेन्सर "थंड आहे" असं खोटं सांगत राहिला, तर तापलेल्या इंजिनलाही जादा पेट्रोल मिळत राहतं. ॲव्हरेज पडतं, सायलेन्सरमधून काळा धूर येतो, पेट्रोलचा वास येतो. उलट "गरम आहे" असं खोटं सांगितलं, तर सकाळी गाडी लवकर स्टार्ट होत नाही.

आत काय असतं?

आत एक थर्मिस्टर असतो. मँगनीज, निकेल, कोबाल्ट अशा धातूंच्या ऑक्साइडचा हा छोटा मणी. तांब्याची तार तापली की तिचा रेझिस्टन्स वाढतो. याचा कमी होतो. हा उलटा स्वभाव मायकेल फॅरडेने १८३३ साली सिल्व्हर सल्फाइडमध्ये नोंदवला होता.

बॉश पद्धतीच्या, खूप ठिकाणी आढळणाऱ्या सेन्सरचे आकडे साधारण असे :

- ०° सेल्सिअस : ५.९ किलोओहम
- २०° : २.५ किलोओहम
- ४०° : १.१८ किलोओहम
- ६०° : ०.६ किलोओहम
- ८०° : ०.३२ किलोओहम
- १००° : ०.१९ किलोओहम

तुमच्या गाडीचे आकडे वेगळे असू शकतात, ते सर्व्हिस मॅन्युअलमधूनच घ्यायचे. पण वळण हेच. सरळ रेष नाही, घातांकी उतार. २०° च्या आसपास एका अंशाला रेझिस्टन्स सुमारे ४ टक्क्यांनी बदलतो, ९०° जवळ पावणेतीन टक्क्यांनी.

ईसीयू रेझिस्टन्स थेट मोजत नाही. तो ५ व्होल्ट देतो, मध्ये स्वतःचा एक ठराविक रेझिस्टर ठेवतो आणि सेन्सरवर किती व्होल्ट पडले ते वाचतो. बारावीतलं व्होल्टेज डिव्हायडरचं गणित. आतला रेझिस्टर २.२ किलोओहमचा धरला तर २०° ला सुमारे २.६६ व्होल्ट, ४०° ला १.७५, ८०° ला ०.६४ आणि १००° ला ०.३९ व्होल्ट मिळतात. बघा, २० ते ४० मध्ये ०.९ व्होल्टचा फरक आहे आणि ८० ते १०० मध्ये फक्त पाव व्होल्टचा. एकाच उपकरणाची संवेदनशीलता सगळीकडे सारखी नसते, हे इथे डोळ्यांसमोर दिसतं.

उणे ४० चं रहस्य

ओबीडी स्कॅनर लावला आणि कूलंटचं तापमान उणे ४०° दिसलं, असं खूपदा होतं. हा आकडा येतो कुठून? स्कॅनरकडे हे तापमान एका बाइटमध्ये येतं, म्हणजे ० ते २५५. त्यातून ४० वजा करायचे, हा ठरलेला नियम. म्हणून मोजपट्टीची खालची कड उणे ४० आणि वरची २१५.

सेन्सरची वायर तुटली की रेझिस्टन्स अनंत, व्होल्टेज पूर्ण ५, आणि ईसीयूच्या मते जगातली सगळ्यात कडक थंडी. वायर जमिनीला, म्हणजे बॉडीला, चिकटली की व्होल्टेज शून्य आणि तापमान वरच्या टोकाला. आकडा मोजपट्टीच्या अगदी कडेला जाऊन बसला असेल तर ते मोजमाप समजू नका. सर्किट उघडं किंवा शॉर्ट आहे असं समजा. यासाठीचे फॉल्ट कोडही वेगळे आहेत : व्होल्टेज जास्त असेल तर पी०११८, कमी असेल तर पी०११७.

एक मेख आहे. बऱ्याच गाड्यांत बिघाड ओळखला की ईसीयू स्वतःच्या मनाने एक कामचलाऊ तापमान धरतो आणि पंखा चालू ठेवतो. मग काही स्कॅनरवर तोच धरलेला आकडा दिसतो, आणि तो अगदी सभ्य असतो. स्क्रीनवर आकडा आहे म्हणजे तो कोणीतरी मोजलाय, असं गृहीत धरू नका. तुमच्या डेटासेटमधल्या रिकाम्या जागा कोणी सरासरीने भरल्या असतील, तर तिथेही हेच घडतं.

आधी संशयितांची यादी

"ॲव्हरेज पडलं, चेक इंजिनचा दिवा लागला" एवढ्यावर सेन्सर बदलायचा नाही. आधी सगळ्या शक्यता कागदावर लिहा :

१. सेन्सर खराब.
२. कनेक्टरला गंज किंवा वायर खराब.
३. कूलंट कमी, सेन्सरपाशी हवा अडकलेली.
४. थर्मोस्टॅट उघडा अडकलाय, म्हणजे इंजिन खरंच थंड राहतंय.
५. इंजिन खरंच जास्त तापतंय.

शेवटच्या दोन शक्यतांमध्ये सेन्सर खरं बोलतोय. नेमक्या त्याच लोक विसरतात.

चाचण्या, स्वस्तापासून महागापर्यंत

*पहिली : रात्रभर थंड झालेली गाडी.* सकाळी स्टार्ट न करता फक्त चावी ऑन करा. स्कॅनरवर कूलंटचं आणि आत येणाऱ्या हवेचं, अशी दोन्ही तापमानं बघा. रात्रभर सावलीत उभी असलेल्या गाडीत ती दोनचार अंशांच्या फरकाने जुळायला पाहिजेत. दोन स्वतंत्र सेन्सर, एकच खरं तापमान. पैसे शून्य.

*दुसरी : तापण्याचा आलेख.* इंजिन सुरू करा आणि दर मिनिटाला आकडा लिहा. तो सावकाश, न अडखळता चढायला हवा. मध्येच ६० वरून उणे ४० आणि परत ६०, असं झालं तर वायर हलतेय. कूलंट सेकंदात शंभर अंश थंड होत नाही. (काही कंपन्यांचे ईसीयू साधारण ५०° च्या आसपास आतला रेझिस्टर बदलतात, तेव्हा व्होल्टेज एकदम उडी मारतं. ती उडी बिघाडाची नाही. तापमानाचा आकडा मात्र सलगच राहतो.)

*तिसरी : कनेक्टर काढा आणि जोडा.* इंजिन बंद, चावी ऑन. कनेक्टर काढला की उणे ४० दिसायला पाहिजे. मग कनेक्टरच्या दोन पिना वायरच्या तुकड्याने जोडल्या की आकडा वरच्या टोकाला जायला पाहिजे. ईसीयूच्या आतल्या रेझिस्टरमुळे करंट दोनतीन मिलिअँपिअरच वाहतो, म्हणून हे चालतं. पण फक्त दोन पिनांच्या सेन्सरवरच. फोक्सवॅगन समूहाच्या काही गाड्यांत चार पिनांचा सेन्सर असतो : एकाच घरात दोन थर्मिस्टर, एक ईसीयूसाठी, एक डॅशबोर्डच्या काट्यासाठी. तिथे आकृती न बघता वायर जोडायची नाही. आणि तिथे काटा मधोमध, पण ईसीयू मात्र गोंधळलेला, असंही होऊ शकतं.

ही तिसरी चाचणी म्हणजे तुमच्या प्रयोगातले निगेटिव्ह आणि पॉझिटिव्ह कंट्रोल. दोन्ही टोकं बरोबर आली तर वायरिंग आणि ईसीयू बहुतेक ठीक. काढल्यावरही आकडा गरमच राहिला तर वायर शॉर्ट. जोडल्यावरही उणे ४० च राहिला तर वायर तुटलेली.

"बहुतेक" का म्हणालो? समजा कनेक्टरच्या पिनेवर गंज चढून २०० ओहमचा जादा रेझिस्टन्स आला. सकाळी २०° ला २.५ चे २.७ किलोओहम होतील आणि आकडा १८° दिसेल. पहिली चाचणी पास! पण ८०° ला ०.३२ चे ०.५२ होतील आणि ईसीयूला ६४° वाटेल. तोच २०० ओहम थंडीत २ अंशांची चूक करतो आणि उष्णतेत १६ अंशांची. चूक कायम सारखी असते असं मानून एका बिंदूवर कॅलिब्रेशन करणाऱ्यांनी हे उदाहरण वहीत लिहून ठेवावं.

*चौथी : पातेल्यातलं पाणी.* सेन्सर काढून पिना कोरड्या ठेवून त्याचं टोक पाण्यात बुडवा, शेजारी थर्मामीटर, मल्टिमीटर ओहमवर. पाणी तापवत पाचसहा ठिकाणी नोंद घ्या आणि मॅन्युअलच्या तक्त्याशी ताडून बघा. उकळतं पाणी म्हणजे १००° असं डोळे मिटून धरू नका. पुणे समुद्रसपाटीपासून साधारण ५६० मीटर उंच आहे, इथे पाणी ९८° च्या आसपास उकळतं. महाबळेश्वरला त्याहूनही कमी.

एक उदाहरण

एका मित्राच्या जुन्या पेट्रोल गाडीचं ॲव्हरेज पडलं होतं. कोड होता पी०१२८, म्हणजे "कूलंट अपेक्षित तापमानाला पोचत नाही". सेन्सर बदलून टाक, असा सल्ला त्याला मिळाला होता. आम्ही सकाळी बघितलं : कूलंट २४, हवा २३. ट्रॅफिकमध्ये आकडा ७२ पर्यंत गेला, हायवेला लागल्यावर ५८ वर उतरला. काढा-जोडा चाचणी बरोबर.

आता दोन गृहीतकं उरली : गंजलेली पिन किंवा उघडा अडकलेला थर्मोस्टॅट. ती वेगळी कशी करायची? गंज असता तर हायवेला आकडा इतका पडला नसता. आणि एक स्वतंत्र साक्षीदार होताच : रेडिएटरचा वरचा पाइप. बऱ्याच गाड्यांत थर्मोस्टॅट बंद असेपर्यंत हा पाइप गार राहतो आणि तो उघडला की पटकन तापतो. इथे पाइप पहिल्या मिनिटापासून हळूहळू कोमट होत होता. थर्मोस्टॅट बदलला, कोड गेला. सेन्सर पहिल्यापासून खरं सांगत होता.

सेन्सर खरंच खराब निघाला तर

बदलणं सोपं आहे, घाई मात्र नको.

- इंजिन पूर्ण थंड होऊ द्या, काही तास. गरम असताना रेडिएटरचं झाकण कधीच उघडायचं नाही. आत दाब असल्यामुळे कूलंट १००° च्या वर असूनही उकळलेलं नसतं. झाकण उघडताच ते वाफेसकट अंगावर येतं.
- चावी बंद. कनेक्टर लॉक दाबून काढा, वायरला धरून ओढू नका. पिना बघा, हिरवा गंज असेल तर आधी साफ करून पुन्हा चाचणी घ्या.
- नवा सेन्सर बसवण्याआधी मल्टिमीटरने तपासा. नवा म्हणजे चांगला, हेसुद्धा गृहीतकच.
- खाली ट्रे ठेवा आणि थोडं कूलंट काढून घ्या. ते गोडसर असतं आणि विषारीही; कुत्र्यामांजरांपासून दूर ठेवा.
- आट्यांचा सेन्सर असेल तर आधी हाताने फिरवा, मग पाना. हेड ॲल्युमिनियमचं असतं, जोर लावला तर आटे जातात. क्लिपचा असेल तर ओ-रिंग नवीन घाला.
- मॅन्युअलमध्ये सांगितलेलं कूलंट भरा, हीटर फुल गरमवर ठेवून हवा काढा, कोड पुसा.
- पहिली आणि दुसरी चाचणी पुन्हा करा. दुरुस्तीनंतरचं मोजमाप नसेल तर दुरुस्ती सिद्ध झालेली नाही.

कुठली चूक जास्त महाग?

काटा लाल पट्ट्यात गेला आणि "सेन्सर खराब असेल" म्हणून गाडी दामटली, तर हेड वाकतं, हेड गॅस्केट जातं आणि खर्च सेन्सरच्या कित्येक पट होतो. चांगला सेन्सर उगाच बदलला तर तीनचारशे रुपये जातात. म्हणून काटा वर गेला की आधी गाडी थांबवा, मग शंका घ्या. कमी आकड्यावरही निर्धास्त राहू नका : कूलंट गळून गेलं असेल तर सेन्सर हवेत लटकतो आणि इंजिन भाजत असताना कमी तापमान दाखवू शकतो. शंका कुणावर आधी घ्यायची, हे चुकीची किंमत बघून ठरवायचं.

तुमच्यासाठी गृहपाठ

तुमच्या प्रयोगातलं एक उपकरण निवडा आणि पाच ओळी लिहा : त्याची मोजपट्टी कुठे संपते? वायर तुटली तर तो काय दाखवेल? त्याच गोष्टीचा दुसरा स्वतंत्र साक्षीदार कोण? चूक सगळ्या रेंजमध्ये सारखी आहे का? आणि त्याचा आकडा चुकीचा मानणं जास्त महाग की खरा मानणं? ही पाच उत्तरं तयार असतील तर मुलाखतीतला तो प्रश्न तुम्हाला अडवणार नाही. उत्तरं खाली लिहा, त्यातली दोनतीन घेऊन पुढच्या वेळी बोलू.