मुद्रेवाचूनचा अभंग

ज्येष्ठाच्या वद्य पक्षात देहूहून निघालेली तुकोबांची पालखी आकुर्डीच्या मुक्कामाकडे जाताना निगडीच्या भक्ती-शक्ती चौकात येते आणि कारखान्यांची पाळी संपवून आलेला कामगारवर्ग रस्त्याच्या दुतर्फा हात जोडून उभा राहतो, तेव्हा कोठल्या तरी मंडपातून ‘आधी बीज एकले’ हे पद कानी पडले नाही, असे वर्ष माझ्या तरी स्मरणात नाही. ते कोणाचे असे विचारावे, तर ‘तुकोबांचे, आणखी कुणाचे?’ हा प्रतिप्रश्न ठरलेला! गाथा पहिल्या पानापासून अखेरपर्यंत चाळली, तरी हे पद तीत सापडत नाही. कारण तुकोबांच्या वैकुंठगमनानंतर पावणेतीनशेहून अधिक वर्षांनी ते ‘प्रभात’च्या एका तरुण गीतकाराने, शांताराम आठवले यांनी, रचले.

आठवल्यांचा जन्म 1910 चा. 1929 साली कोल्हापुरात स्थापन झालेली प्रभात फिल्म कंपनी 1933 मध्ये पुण्यास आली, आणि पुढील वर्षीच्या ‘अमृतमंथन’मध्ये या चोवीस वर्षांच्या कवीची पदे लोकांनी ऐकली. मराठी चित्रपट बोलू लागून तेव्हा अवघी दोन वर्षे लोटली होती. नाट्यपदांच्या आलापीत रमलेल्या श्रोत्याला थोडक्यात, प्रसंगाला धरून आणि नटाच्या गळ्याला झेपेल असे गाणे देण्याची विद्या अजून कोणाच्याच दप्तरी तयार नव्हती.

1936 च्या ‘संत तुकाराम’मध्ये तिची खरी कसोटी लागली. दिग्दर्शक दामले आणि फत्तेलाल, कथा शिवराम वाशीकरांची, संगीत केशवराव भोळ्यांचे, आणि तुकोबांच्या भूमिकेत एके काळी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणारे विष्णुपंत पागनीस. प्रत्यक्ष तुकोबांच्या वाणीशेजारी आपले शब्द मांडावयाचे, हे धाडसच. आठवल्यांनी ओवी-अभंगाची अक्षरगणना काटेकोर पाळली नाही, आणि अखेरीस ‘तुका म्हणे’ ही नाममुद्राही घातली नाही. एका बीजापोटी कोटी कोटी वृक्ष हा दृष्टान्त मात्र इतक्या सहज बोलीत मांडला, की मुद्रा लोकांनीच आपल्या मनाने उमटविली. गंमत अशी, की याच चित्रपटातील सालोमालो तुकोबांची कवने स्वतःच्या नावावर खपवू पाहतो. आणि इकडे गीतकाराचे कवन लोक तुकोबांच्या नावे जमा करून बसले! मालकीची फिर्याद कोणत्या दरबारात गुदरावी?

हा चित्रपट मुंबईत वर्षाहून अधिक काळ चालला आणि 1937 साली व्हेनिसच्या महोत्सवातही गौरविला गेला.

एका पदाच्या या कीर्तीमुळे आठवल्यांची बाकीची कामगिरी झाकोळली, हे मला अन्यायाचे वाटते. ‘कुंकू’साठी (1937) त्यांनी ग्रामीण बोलीचे वळण उचलले, ‘शेजारी’साठी (1941) मास्तर कृष्णरावांच्या चालीवर समूहनृत्याला साजेशी झळाळती शब्दकळा आणली, मध्यंतरी ‘गोपाळकृष्ण’ आणि ‘संत ज्ञानेश्वर’ होतेच. एकाच लेखणीतून निघालेली ही पदे शेजारी ठेवली, तर कवी एकच आहे हे चटकन ओळखू येत नाही. पात्राचा गळा आपल्या शब्दांना देऊन स्वतः बाजूस सरण्याची ही कला पुष्कळ मोठ्या कवींनाही साधलेली नाही.

पुढे ते दिग्दर्शनाकडे वळले. ‘भाग्यरेखा’ (1948), ‘वहिनींच्या बांगड्या’ (1953), ‘शेवग्याच्या शेंगा’ (1955) हे त्यांचे चित्रपट मध्यमवर्गीय घराच्या माजघरात घडणारे. ‘प्रभातकाल’ या पुस्तकात त्यांनी त्या संस्थेच्या आठवणीही लिहून ठेवल्या. 1975 मध्ये ते निवर्तले.

फाल्गुन वद्य द्वितीयेस देहूला तुकाराम बीज असते. त्या दिवशी निगडीवरून जाणाऱ्या दिंड्यांत हे पद ऐकले, की बीज या शब्दाचे दोन्ही अर्थ एकदमच कानावर येतात.