घड्याळ पोशाख पाहत नाही

रमजान सुरू झाला की घरातल्या भिंतीवरच्या घड्याळाला मान चढतो. एरवी त्याच्याकडे कुणी ढुंकूनही पाहत नाही. पण सहरी संपायला दोन मिनिटे उरली असताना, किंवा मगरिबच्या अजानची वाट पाहत खजूर हातात घेऊन बसल्यावर, एक मिनिट म्हणजे किती ते लहान पोरालाही कळते. जिचे सारे आयुष्य सेकंदाच्या शंभराव्या भागात मोजले गेले, अशा एका मुलीची गोष्ट म्हणूनच या दिवसांत सांगावीशी वाटली.

तिचे नाव रुकय्या अल घसरा. देश बहरीन. कोकणातल्या अनेक घरांना हे नाव परके नाही. कुणाचे वडील, कुणाचा भाऊ, कुणाचा जावई तिथे नोकरीला असतो. आखातातला हा बेटांचा देश आपल्या रत्नागिरी जिल्ह्याच्या दहाव्या हिश्शापेक्षाही लहान. 2000 च्या सिडनी ऑलिम्पिकपर्यंत बहरीनची एकही महिला ऑलिम्पिकमध्ये उतरली नव्हती. त्या वर्षी एक धावपटू आणि एक जलतरणपटू अशा दोघी गेल्या आणि दार उघडले. 1982 मध्ये जन्मलेली रुकय्या तेव्हा अठरा वर्षांची होती.

चार वर्षांनी अथेन्समध्ये ती स्वतः 100 मीटरच्या शर्यतीला उभी राहिली. लांब बाह्या, पायघोळ विजार, डोके झाकलेले. शेजारच्या मार्गिकांतल्या मुली अगदी मोजक्या कपड्यांत होत्या. पदकाच्या जवळपासही ती नव्हती, तरी छायाचित्रकारांची गर्दी तिच्याभोवतीच झाली. कुणाला त्यात धैर्य दिसले, कुणाला बंधन. तिची सुरुवात कशी झाली, पावले कशी पडली, वेळ काय लागली, हे विचारणारे थोडेच होते.

त्याचे उत्तर तिने डिसेंबर 2006 मध्ये दोहा येथील आशियाई स्पर्धेत दिले. 100 मीटरमध्ये कांस्य, आणि मग 200 मीटरमध्ये 23.19 सेकंदांत थेट सुवर्ण. मागे कोण होते ते पाहा. दुसरी उझबेकिस्तानची गुझेल खुबीयेवा आणि तिसरी श्रीलंकेची सुशांतिका जयसिंघे, म्हणजे सिडनी ऑलिम्पिकची पदकविजेती! जेमतेम दहा लाख वस्तीच्या देशातली मुलगी आशियात सर्वांत वेगवान ठरली होती. हिजाब आपल्या वाटेत कधी आडवा आला नाही, हे ती तेव्हाही सांगत होती आणि पुढेही सांगत राहिली.

2008 मध्ये बीजिंग ऑलिम्पिकच्या उद्घाटनाला बहरीनचा झेंडा तिच्या हाती होता. धावताना साधी ओढणी सुटते, वारा धरते, घामाने जड होते. म्हणून तिने ऑस्ट्रेलियात खेळाडूंसाठी बनवलेले, डोक्याला घट्ट बसणारे आच्छादन घातले होते. 200 मीटरची पहिली फेरी तिने जिंकली आणि उपांत्य फेरी गाठली. तिथे ती शेवटची आली. अंतिम फेरी हुकली, पदक तर दूरच. तिची ऑलिम्पिकची कहाणी तिथेच संपली.

मग ही कहाणी सांगायची कशाला? त्याच बीजिंगमध्ये बहरीनला दुसऱ्या एका धावपटूने सुवर्ण मिळवून दिले होते. मोरोक्कोत जन्मलेल्या रशीद रमझीने 1500 मीटरची शर्यत जिंकली. देशाचे ते पहिलेच ऑलिम्पिक सुवर्ण. पुढच्याच वर्षी उत्तेजक घेतल्याचे सिद्ध झाले आणि पदक परत द्यावे लागले. रुकय्याची उपांत्य फेरी मात्र आजही नोंदीत जशीच्या तशी आहे.

छोट्या देशाला खेळाडू घडवायला पिढ्या लागतात. बहरीनने नागरिकत्व देऊन बाहेरचे धावपटू आणण्याची जवळची वाट धरली. 2018 च्या जकार्ता आशियाई स्पर्धेत आपल्या द्युती चंदला 100 आणि 200 मीटर या दोन्ही शर्यतींत मागे टाकणारी एडिडियाँग ओडियाँग बहरीनचीच, पण जन्माने नायजेरियाची. तिच्या मेहनतीला कुणी नावे ठेवू नयेत. पण रुकय्या त्या मातीतली होती. तिला पळताना पाहणाऱ्या तिथल्या शाळकरी मुलीला ‘ही आपल्यातलीच’ असे म्हणता येत होते. हे नागरिकत्वाच्या कागदाने मिळत नाही.

ॲथलेटिक्सने तिला तिच्या पोशाखात धावू दिले, हेही विसरता येत नाही. 2011 मध्ये इराणच्या महिला फुटबॉल संघाला डोके झाकल्यामुळे ऑलिम्पिक पात्रता सामना खेळू दिला नाही. फुटबॉलचा तो नियम 2014 मध्ये कायमचा बदलला, बास्केटबॉलचा 2017 मध्ये. आणि 2024 च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये यजमान फ्रान्सच्याच मुलींना हिजाब घालायला मनाई होती. सुंकांबा सिला या धावपटूला उद्घाटनाच्या सोहळ्यात अखेर टोपी घालून जावे लागले. जगात डोके झाकायची सक्ती करणारे आहेत, तसे झाकू न देणारेही आहेत. दोघांचेही लक्ष मुलीच्या डोक्याकडे असते, पायांकडे कुणाचेच नसते.

हिजाब घालणाऱ्या आणि न घालणाऱ्या मुली आमच्या वर्गात एकाच बाकावर बसतात. आपल्या गावातल्या मैदानावर उद्या त्यांपैकी एखादी पळायला आली, तर आपण आधी काय पाहणार? तिच्या अंगावरचे कपडे, की हातातल्या घड्याळाचा काटा? 23.19 सेकंदांत कुणाचे कपडे निरखून होत नाहीत. तेवढ्या वेळात एक मुलगी 200 मीटर पार करून गेलेली असते.