चौकट : ‘एक टक्का’वाल्या मोटारसायकल क्लबांची प्रतिमा कशी घडली?

• १९४७ : ४ जुलैच्या सुट्टीत कॅलिफोर्नियातील हॉलिस्टर गावी मोटारसायकल शर्यतींसाठी हजारो स्वार जमले. दारू पिऊन धिंगाणा झाला. ‘लाइफ’ मासिकातील छायाचित्रामुळे तो देशभर गाजला.

• १९४८ : कॅलिफोर्नियातच ‘हेल्स एंजल्स’ क्लबची स्थापना.

• १९५३ : हॉलिस्टरवर बेतलेल्या ‘द वाइल्ड वन’ चित्रपटातील मार्लन ब्रँडोमुळे चामडी जाकीट बंडखोरीची खूण बनले.

• १९६९ : आल्टामाँट येथील रोलिंग स्टोन्सच्या मैफलीत बंदोबस्ताला असलेल्या ‘हेल्स एंजल्स’च्या सदस्याच्या सुऱ्याने १८ वर्षांच्या मेरेडिथ हंटरचा बळी घेतला. हंटरकडे पिस्तूल होते. स्वसंरक्षणाच्या मुद्द्यावर आरोपी निर्दोष सुटला.

• ‘१%’चा बिल्ला : कायदा न जुमानणाऱ्या क्लबांची ही अभिमानाची खूण. पण बदनामीचे ओझे साध्या मोटारसायकलप्रेमींनाही वाहावे लागते, आणि हा अन्यायच आहे.