‘इनसाइड आउट’ : नव्या वर्गातले रडू

पीट डॉक्टर यांचा ‘इनसाइड आउट’ (२०१५) हा पिक्सार स्टुडिओचा अ‍ॅनिमेशनपट कौटुंबिक विनोदी चित्रपट म्हणून ओळखला जातो. कथानक साधे आहे. मिनेसोटात वाढलेली अकरा वर्षांची रायली वडिलांच्या कामामुळे सॅन फ्रान्सिस्कोला येते आणि नव्या शाळेत तिचे मन रमत नाही. कथा बहुतांशी तिच्या मनातच घडते. तेथे आनंद, दुःख, भय, क्रोध आणि किळस ही पाच पात्रे आहेत.

भारतीय काव्यशास्त्राच्या अभ्यासकाला ही यादी परिचित वाटेल. नाट्यशास्त्रातील आठ स्थायी भावांपैकी शोक, भय, क्रोध आणि जुगुप्सा हे चार येथे भेटतात. आनंदाला सर्वांत जवळचा ‘हर्ष’ मात्र भरताने ३३ व्यभिचारी भावांत, म्हणजे येत-जात राहणाऱ्या भावांत, धरला आहे. डॉक्टर यांनी आधार घेतला तो पॉल एकमन व डॅकर केल्टनर या मानसशास्त्रज्ञांचा. तेव्हा येथे प्रभाव शोधण्याचे कारण नाही. तरीही हे साम्य चित्रपटाचा पेच उलगडायला उपयोगी पडते : येथे हर्षालाच स्थायी व्हायचे आहे.

हा हट्ट एकट्या आनंदाचा नाही. आई रायलीला प्रेमाने सुचवते, की बाबा काळजीत आहेत, तेव्हा तू हसतमुख राहा. दुसऱ्या दिवशी वर्गात स्वतःची ओळख करून देताना तिला गोठलेल्या तळ्यावर आईवडिलांबरोबर खेळलेली हॉकी आठवते आणि सर्वांदेखत रडू येते. ही दुःखी आठवण हटवण्याच्या धडपडीत आनंद आणि दुःख दोघीही नियंत्रणकक्षाबाहेर फेकल्या जातात. मागे उरतात भय, क्रोध आणि किळस. घरी आलेले मूल दप्तर फेकते, तुटक बोलते, ताट सरकवते, त्याचे हे नेमके चित्र आहे. वरून दिसतो तो राग. शोकाला मात्र वाट मिळालेली नसते.

बिंग बाँग या काल्पनिक सवंगड्याची गाडी नाहीशी होते, तेव्हा आनंद त्याला हसवू पाहते. उपयोग होत नाही. दुःख त्याच्याशेजारी बसून ऐकून घेते, आणि तो उठून चालू लागतो. अखेरीस रायलीही घरी आपली हुरहूर बोलून दाखवते. आईवडील सांगतात, आम्हालाही तिकडची आठवण येते. त्या क्षणी तयार होणारी आठवण पिवळ्या आणि निळ्या अशा दोन्ही रंगांची असते.

बेळगाव, इंदूर, बडोदा येथील मराठी घरांतली अनेक मुले नव्या शैक्षणिक वर्षी दुसऱ्या भाषेच्या वर्गात पाऊल टाकतात. रायलीची भाषा तरी बदलली नव्हती. या मुलांना वर्गात वाटलेले वर्गाच्या भाषेत सांगता येईलच असे नाही. ते सांगायची जागा संध्याकाळचे घर. तेथे ‘रडायचं नाही, होईल सवय’ एवढेच ऐकू आले, तर घरची भाषाही त्यांच्यापुरती मुकी होते. ‘काय झालं रे बाळा?’ असे विचारून उत्तराची वाट पाहणे, हे तिच्या जतनाचे पहिले काम आहे.