पाच टनांची आस

लातुरातल्या अनेक पत्त्यांत ‘जुनी रेल्वे लाइन’ हे शब्द अजून येतात. तिथे आता रूळ नाहीत, रहदारीचा रस्ता आहे. या जागेवरून जी गाडी जायची तिचं कागदोपत्री नाव बार्शी लाइट रेल्वे. लोकांच्या तोंडी नुसतं ‘बार्शी लाइट’. अडीच फूट रुंदीचे रूळ, एका टोकाला लातूर, दुसऱ्या टोकाला मिरज आणि मध्ये येडशी, बार्शी, कुर्डुवाडी, पंढरपूर, सांगोला. सगळी मिळून सुमारे ३२५ किलोमीटरची वाट. तिचा विषय निघाला की धावत्या गाडीतून उतरायचं आणि पळत जाऊन पुन्हा चढायचं, असल्या गमती सांगितल्या जातात. त्या गमतींनी या रेल्वेवर मोठा अन्याय केला आहे. ती हळू होती हे खरं, पण त्या काळच्या अत्यंत विचारपूर्वक बांधलेल्या रेल्वेंपैकी ती एक होती, आणि तो विचार आपल्या माळरानावर सिद्ध झाला.

मुंबईहून सोलापूरकडे जाणारा ग्रेट इंडियन पेनिन्सुला (जीआयपी) रेल्वेचा मोठा मार्ग १८६० च्या सुमारास झाला, तो बार्शीला बाजूला ठेवून. कुर्डुवाडीजवळच्या स्थानकाला ‘बार्शी रोड’ नाव मिळालं, पण बार्शी तिथून ३५ किलोमीटर दूर. बार्शीची पेठ तेव्हा नावाजलेली होती. बालाघाटावरून, म्हणजे निजामाच्या मुलखातून कापूस, धान्य, गळिताचा माल बैलगाड्यांनी इथे उतरायचा आणि पुन्हा बैलगाड्यांनीच बार्शी रोडला जायचा. पावसाळ्यात काळ्या मातीत चाकं रुतली की बाजार अडकून पडे.

एव्हरार्ड कॅलथ्रॉप हा इंग्रज अभियंता १८८२ पासून जीआयपी रेल्वेच्या नोकरीत होता. कमी खर्चात आडगावांपर्यंत रेल्वे नेता येईल का, हा त्याच्या डोक्यातला प्रश्न. त्याने या भागाची पाहणी केली, बोलणी केली, त्यात वर्षं गेली. शेवटी १८९५ मध्ये त्याने लंडनमध्ये स्वतःची कंपनी उभी केली आणि दोन वर्षांत बार्शीला गाडी आणली.

त्याचा विचार असा होता. रेल्वे महाग पडते ती वजनामुळे. इंजिन जड, म्हणून रूळ जाड, भराव रुंद, पूल भक्कम आणि खर्च अफाट. पण रुळाला गाडीचं एकूण वजन कळत नाही, त्याला एका आसावर किती भार येतो तेवढंच कळतं. मग इंजिन असो, प्रवासी डबा असो की मालाची वाघीण, कुठल्याही आसावर पाच टनांपेक्षा जास्त भार येता कामा नये, असं त्याने ठरवून टाकलं. लीड्सच्या किटसन कारखान्यात तयार झालेल्या पहिल्या इंजिनांना आठ चालती चाकं आणि मागे चार आधाराची चाकं होती, म्हणजे सहा आस, आणि भार सगळ्यांवर सारखा वाटलेला. त्यामुळे मीटरला जेमतेम १५ किलो वजनाच्या रुळांवर काम भागलं. आज मोठ्या मार्गांवर ६० किलोचा रूळ टाकतात, त्यावरून हे अंतर लक्षात यावं.

वाघिणींचाही हाच हिशेब. चार आस, म्हणजे डबा आणि माल मिळून जास्तीत जास्त वीस टन. यातला डब्याचा वाटा जितका कमी तितका मालाचा जास्त. म्हणून लाकडाच्या अवजड सांगाड्याऐवजी लीड्स फोर्ज कंपनीकडून पोलादी पत्रा दाबून केलेले हलके सांगाडे घेतले. सगळ्या वाघिणींची लांबी पंचवीस फूट, रुंदी सात फूट. एकच सांगाडा, त्यावर धान्याची पोती रचा, नाहीतर कापसाच्या गाठी. ही सामग्री भारतात पाठवण्याआधी लीड्सजवळ न्यूले इथे खास चाचणीमार्ग टाकून, मुद्दाम कठीण वळणं ठेवून अभियंत्यांना दाखवली गेली. बार्शीसाठी केलेली गाडी इंग्लंडातले जाणकार पाहायला आले, ही गोष्ट आपल्याकडे फारशी कुणी सांगत नाही.

 

१९०६ मध्ये कुर्डुवाडीहून दुसरा फाटा पंढरपूरला पोचला आणि या रेल्वेला विठोबाची वारी मिळाली. आषाढी-कार्तिकीला गर्दी इतकी लोटायची की प्रवासी डबे पुरत नसत. मग मालाच्या वाघिणीही वारकऱ्यांसाठी जोडल्या जात. एरवी ज्वारीची पोती वाहणाऱ्या वाघिणीतून टाळ-मृदंग आणि तुळशीवृंदावनं पंढरीला जात. १९११ मध्ये बार्शीकडची बाजू येडशीवरून बालाघाट चढून लातूरला गेली. लातूर निजामाच्या राज्यात. एकच छोटी गाडी ब्रिटिश मुलखातून निघून निजामाच्या मुलखात जाऊ लागली आणि लातूरचा मोंढा मुंबईच्या बाजाराला जोडला गेला.  १९२७ मध्ये पंढरपूरचा फाटा मिरजेपर्यंत गेला. कॅलथ्रॉपही त्याच वर्षी वारला. पुढे मिरजेत ब्रॉडगेज आलं तेव्हा रुंद, मध्यम आणि अरुंद असे तिन्ही रूळ काही काळ एकाच गावात नांदले.

१ जानेवारी १९५४ ला सरकारने कंपनी विकत घेतली आणि बार्शी लाइट मध्य रेल्वेत सामील झाली.

तिचा खरा शत्रू वेग नव्हता. अदलाबदल हा होता. लातूरहून मुंबईला निघालेलं प्रत्येक पोतं कुर्डुवाडीला हमालांच्या पाठीवरून छोट्या वाघिणीतून मोठ्या वाघिणीत जायचं. त्यात वेळ जाई, पैसा जाई, माल सांडे. प्रवाशांनाही बोचकी उचलून फलाट बदलावा लागे. रस्ते बरे झाले आणि मालमोटार थेट अडत्याच्या दारात उभी राहू लागली, तेव्हा ही अदलाबदल परवडेनाशी झाली. कुर्डुवाडी ते पंढरपूर आधी ब्रॉडगेज झालं, २००८ च्या सुमारास लातूरची बाजू आणि त्यानंतर दोन-तीन वर्षांत मिरजेची.

हा बदल हवाच होता, असं मला वाटतं. त्याचा पुरावा एप्रिल २०१६ मध्ये मिळाला. दुष्काळाने कोरड्या पडलेल्या लातूरला मिरजेहून पाण्याची रेल्वे धाडली गेली. पहिल्या खेपेला दहा वाघिणी, पाच लाख लिटर. पुढे पन्नास-पन्नास वाघिणी जाऊ लागल्या. मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर, म्हणजे या टोकापासून त्या टोकापर्यंत बार्शी लाइटचीच वाट. वळसा काय तो उस्मानाबादचा, आताच्या धाराशिवचा. एका वाघिणीत पन्नास टन पाणी होतं. जुन्या वाघिणीचं तर डब्यासकट वजनच वीस टन, आणि मिरजेला भरलेलं पाणी छोट्या गाडीने वेळेत पोचलंही नसतं. पण शंभर वर्षांपूर्वी त्या पाच टनांच्या आसांनी ही वाट पाडली नसती, तर तिथे रुंद करायला काय होतं?

धाराशिवच्या वळशात मार्ग बदलल्यामुळे येडशीच्या बाजूला जुने भराव आणि मोऱ्या रुळांविना पडून आहेत. त्यांचं काय करायचं, याचं उत्तर कॅलथ्रॉपच्याच दुसऱ्या रेल्वेत आहे. बार्शीनंतर त्याने इंग्लंडमधल्या स्टॅफर्डशायरमध्ये लीक अँड मॅनिफोल्ड ही अडीच फुटी रेल्वे उभारायला मदत केली. ती तीस वर्षंच चालली आणि १९३४ मध्ये बंद पडली. तिथल्या जिल्हा प्रशासनाने १९३७ मध्ये तिच्या भरावावरून पायवाट काढली, आजही लोक तिथे चालतात, सायकली नेतात. बार्शी लाइट ही तिची थोरली बहीण. येडशीजवळ रामलिंगचं अभयारण्य आहे, देवस्थान आहे, श्रावणात तिथे माणसांची रीघ लागते. जुन्या भरावावरची झुडपं काढून, मोऱ्यांची डागडुजी करून, दोन-चार ठिकाणी माहितीचे फलक लावले तर अशीच वाट इथे होईल. भराव शेतांत मिसळून जाण्याआधी, मोऱ्यांचे घडीव दगड घरांच्या पायांत जाण्याआधी हे काम व्हायला हवं.

बाकी बार्शी लाइटने रुजवलेली कामं थांबलेली नाहीत. तिच्या कुर्डुवाडीच्या कारखान्यात माथेरानच्या छोट्या गाडीचे डबे दुरुस्तीला येतात. आणि लातूरच्या अलीकडे हरंगुळला, जिथे बार्शी लाइट थांबायची, तिथे आता रेल्वेचे डबे बांधण्याचा कारखाना उभा आहे. त्यातला पहिला सांगाडा डिसेंबर २०२० मध्ये तयार झाला.