पाण्याखालच्या गावाची डायरी

येलदरीच्या भिंतीवर उभे राहून पूर्णेचे अडवलेले पाणी परभणीकरांनी अनेकदा पाहिले असेल. पाण्याआधी तिथे काय होते, हे मात्र पाणी सांगत नाही.

नर्मदेकाठचे ते सांगणारा एक माहितीपट आहे. आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांचा 'अ नर्मदा डायरी', १९९५ सालचा, जेमतेम तासाभराचा. सरदार सरोवराची भिंत गुजरातेत. पाणी चढत होते ते सातपुड्यातल्या मणिबेलीत, तेव्हाच्या धुळे आणि आताच्या नंदुरबार जिल्ह्यात.

एरवी आदिवासी पडद्यावर येतो तो ढोल वाजवत, नाचत, बोलतो निवेदक. इथे तो स्वतः बोलतो, भांडतो, बुडू पण हलणार नाही म्हणतो. एका फेरीत गुंडाळलेले हे चित्रण नव्हे. काही वर्षे घडेल तसे टिपलेले आहे, म्हणूनच ती डायरी.

चित्रपट उघडउघड आंदोलनाच्या बाजूचा आहे. कच्छ-सौराष्ट्राची तहान त्यात शोधू नये, आणि तहान म्हणजे काय हे मराठवाड्याला कोणी सांगायला नको. पण त्या पाण्याची किंमत कोणी मोजली, ते इथे चेहऱ्यांसकट दिसते.

२०१७ साली धरण १३८.६८ मीटर या पूर्ण उंचीनिशी राष्ट्राला अर्पण झाले. मणिबेलीचे शूलपाणेश्वराचे जुने देऊळ त्याआधीच बुडाले होते. देवाचे पुनर्वसन मात्र झाले. गुजरातेत गोऱ्याला त्याच्यासाठी नवे देऊळ बांधले गेले.